तिसऱ्या अंकातली चपराक

मी, शहजादी इनुस तांबोळी, रंगभूमीवरचे नाव अनुपमा, वय पंचाहत्तर (पोस्टरवर कायम अठ्ठावीस), व्यवसाय अभिनय, सध्या निवृत्त, राहणार रेल्वे स्टेशनच्या मागे, दौंड, जिल्हा पुणे, हे मृत्युपत्र माझ्या हाताने, माझ्या पेनाने आणि माझ्या रागाने लिहीत आहे. मला कोणी धाक घातलेला नाही, कोणी फूस लावलेली नाही. फूस लावण्याचे प्रयत्न आयुष्यभरात पुष्कळांनी केले, जमले कोणालाच नाही. तेव्हा आता या वयात जमले असेल अशी शंका वाचणाऱ्याने मनात आणू नये.

माझे डोके ठिकाणावर आहे. हे वाक्य मृत्युपत्रात सगळेच लिहितात, पण माझ्याकडे दाखला आहे. माझ्या भावाचा मुलगा मुजीब, ज्याचे स्टेशन रोडला मोबाइलचे दुकान आहे, मला गेल्या महिन्यात डॉक्टरांकडे घेऊन गेला. त्याची तक्रार अशी की, फुफीचे, म्हणजे आत्याचे, डोके फिरले आहे, मला एकाच्या मुस्काटात मारायची आहे असे ती दिवसभर म्हणत असते. डॉक्टरांनी मला तारीख विचारली, शंभरातून सात-सात वजा करायला लावले आणि काही पाठ असेल तर म्हणा म्हणाले. मी ‘सौभाग्याची जप्ती’ या नाटकाचा दुसरा अंक म्हटला. पुरुषांची वाक्येही मीच म्हटली. बाहेरचे पेशंट उठून दारात आले, एका आजीबाईंनी डोळे पुसले. डॉक्टरांनी फी घेतली नाही आणि दाखला दिला. तो सोबत जोडला आहे. मुजीबने त्याची एक प्रत काढून दुकानात काउंटरच्या काचेखाली ठेवावी.

कलम १. घर. स्टेशनमागच्या दोन खोल्या आणि पुढची गॅलरी. हे घर माझे वडील इनुस तांबोळी, रेल्वेतले गार्ड, यांनी बांधले आणि मी अभिनयाच्या कमाईतून त्यावर स्लॅब टाकला. माझा आवाज याच घरात तयार झाला, कारण इथे बोलायचे तर मालगाडीच्या वर बोलावे लागते.

माझ्या वकील ॲड. समृद्धी ढमढेरे यांनी समजावून सांगितले आहे की, आमच्या कायद्याप्रमाणे मला माझ्या मालमत्तेच्या एक तृतीयांशाचेच मृत्युपत्र करता येते, उरलेले दोन हिस्से वारसाकडे आपोआप जातात. माझे लग्न झालेले नाही, आईवडील आणि भाऊ आता नाहीत, म्हणून वारस एकटा मुजीब. त्याची सख्खी बहीण जास्मिन, जी सणसवाडीच्या एका कारखान्यात दिवसाला चारशे नग तपासते आणि दर रविवारी स्कूटरवरून येऊन माझ्या पायाला तेल लावते, तिला कायद्याने काही नाही. म्हणून माझ्या हातातला तिसरा हिस्सा, म्हणजे आतली खोली, मी जास्मिनला देते. मुजीबने बाहेरच्या खोलीतून तिला जाण्यायेण्याला वाट द्यावी आणि वाट देताना तोंड वाकडे करू नये.

कलम २. नाव. शहजादी हे वडिलांनी ठेवलेले नाव कबरीवर लिहावे. अनुपमा हे नाव माझे नाही, ते परत करायचे आहे, पण मूळ मालकीण सापडत नाही.

त्याचे असे झाले. मी कॉन्व्हेंटमध्ये शिकले. सिस्टरांनी आम्हाला डोक्यावर पुस्तक ठेवून चालायला, पोटातून बोलायला आणि कोणावरही संशय न घ्यायला शिकवले. यातल्या तिसऱ्या गोष्टीने माझे किती नुकसान केले ते कलम ६ मध्ये येईल. बावीस वर्षांची असताना मी त्याच शाळेत बालवर्गाला शिकवत होते आणि वडिलांचा डबा द्यायला स्टेशनवर गेले होते. फलाटावरच्या बाकावर एक गृहस्थ रडत बसले होते. ते माऊली दिवेकर, पाटसकडच्या साखर कारखान्यातले टाइमकीपर आणि हौशी नाट्यदिग्दर्शक. पुण्याहून यायची नटी गाडीतून उतरलीच नव्हती. गावात पोस्टर लागले होते, ‘पुण्याच्या सुप्रसिद्ध कु. अनुपमा’, आणि पाच तासांनी पडदा उघडायचा होता. मी त्यांच्या हातातली वही घेतली, दोन पाने वाचली आणि विचारले की यातली बाई सारखी रडते का. ते म्हणाले, “रडते, पन चौथ्या प्रवेशात बोलते.” मी म्हटले, मग चालेल. टांग्यात बसून पाठांतर केले आणि अनुपमा होऊन उतरले.

पोस्टर पुन्हा छापणे परवडत नव्हते म्हणून नाव तेच राहिले. पुढची तीस वर्षे पोस्टरवर ‘पुणे’ हेही तसेच राहिले. मी दौंडची आहे असे सांगितले की मंडळी म्हणत, दौंडच्या बाईला बघायला कोण येईल. मी दौंडहून निघून पुण्याची म्हणून केडगावला उतरत असे. याचा राग मी अजून सोडलेला नाही आणि तो कोणाला देऊनही टाकत नाही. तो माझ्याबरोबर येईल.

कलम ३. पेटी. पत्र्याची हिरवी ट्रंक, तिच्यातला आरसा, रंगाच्या डब्या, दोन गंगावने, सहा नऊवारी, अकरा मंगळसूत्रे (सगळी खोटी) आणि सेफ्टी पिनांचा डबा. ही सर्व जास्मिनला.

माझा धंदा कसा चालायचा हे तिच्या पिढीला माहीत नाही, म्हणून लिहून ठेवते. गावोगावच्या यात्रेत गावकरीच नाटक बसवत. हिरो गावातला, व्हिलन गावातला, विनोदी पात्र तर गावात कायमचे असेच. बाई मात्र गावातली चालत नसे. ती बाहेरून बोलवायची. मी दुपारी पोचायचे, हिरोची तोंडओळख करून घ्यायचे आणि रात्री त्याची बायको व्हायचे. तालीम नाही. वीस-बावीस नाटके मला तोंडपाठ, म्हणून कुठलाही हिरो आणा, मी त्याला अंकामागून अंक ओढत नेत असे. शिरूर आणि दौंड तालुक्यांतले सतरा सरपंच, सहा सोसायटी चेअरमन, दोन सभापती आणि एक कीर्तनकार यांची मी एकेका रात्रीची धर्मपत्नी आहे. लग्नपत्रिकेत माझे नाव कोणीच छापले नाही, पण मंडप परवान्यावर प्रत्येक वेळी होते.

एकदा शिरूर तालुक्यातल्या एका गावी (नाव लिहीत नाही, तो हिरो पुढे सभापती झाला) मंडळाने ऐन वेळी नाटक बदलले आणि मला सांगायचे राहून गेले. पडदा उघडला तेव्हा मी नवरा वारल्याच्या पहिल्या दिवसाची बाई होते. कपाळ पांढरे, हंबरडा फोडला, आणि नवरा डाव्या विंगेतून भाजी घेऊन आत आला. त्याने मला पाहिले, मी त्याला पाहिले. त्याने पिशवी खाली ठेवली आणि म्हणाला, “पुन्हा तेच स्वप्न पडलं व्हय गं?” मी डोळे पुसले, त्याच्या पिशवीतल्या हळदीच्या पुडीने कपाळ भरले आणि म्हटले, हो, भाजी काय आणलीत. लोकांनी टाळ्यांनी मंडप डोक्यावर घेतला. त्या माणसाला मी पुढे मत दिले, आणि तेवढे एकच मत मी आयुष्यात विचार करून दिले.

कलम ४. पडदा. मी चित्रपटात काम केलेले आहे. चाळीस सेकंद. “डॉक्टर, पेशंटने डोळे उघडले,” हे माझे वाक्य. त्या चाळीस सेकंदांवर ‘सिनेअभिनेत्री’ असे पोस्टरवर वीस वर्षे छापले गेले, आणि लोक भर बाजारात मला अडवून पेशंटचे पुढे काय झाले ते विचारत. मला काय माहीत. मी ट्रे घेऊन बाहेर गेले होते.

पन्नाशीनंतर यात्रांतली नाटके बंद पडली, ऑर्केस्ट्रा आले, आणि मी मालिकांत गेले. अकरा मालिका केल्या, त्यांपैकी सात मालिकांत मेले. शेवटच्या मालिकेत मी जिवंत अशी अठरा भाग होते आणि भिंतीवरच्या फोटोत चारशे. सेट मोडताना तो फोटो त्यांनी मला देऊन टाकला, चंदनाच्या हारासकट. हा फोटो मी मुजीबला देते. आमच्यात फोटोला हार घालत नाहीत हे मला ठाऊक आहे. हार काढावा, चौकट सागवानी आहे. मुजीबच्या बायकोला तो बघून भीती वाटते असे कानावर आले आहे. तो लावावाच.

आणि वेब सीरिज. एकाहत्तराव्या वर्षी मला पहिल्यांदा मुसलमान बाईची भूमिका मिळाली. मी खूश होऊन आईचा दुपट्टा घेऊन गेले. दोन शॉट झाल्यावर दिग्दर्शक म्हणाले, मावशी, थोडे मुस्लिम वाटू द्या. मी म्हटले, बाळा, जन्मल्यापासून प्रयत्न करते आहे, अजून किती वाटू? त्याने माझ्या हातात एक पानाचा डबा दिला. मी तांबोळ्याची मुलगी. तो डबा कसा धरतात हे मला कोणी शिकवू नये. तो शॉट त्यांनी कापला. त्या मुलाला मी माफ केले आहे, कारण त्याची आई रोज फोन करून तो जेवला का विचारत असे.

कलम ५. वह्या. माझ्या भूमिकांच्या बावीस वह्या. इंग्रजी शाळेमुळे मी मराठी वाक्ये इंग्रजी अक्षरांत लिहीत असे, सिस्टरांनी शिकवलेल्या वळणदार हस्ताक्षरात. त्या मराठीच्या मास्तरांना वाचता येत नाहीत आणि इंग्रजीच्या मास्तरांना कळत नाहीत. जास्मिन त्याच शाळेत शिकली, ती घडाघडा वाचते. एकवीस वह्या तिच्या. बाविसावी वही ‘सौभाग्याची जप्ती’ची, तिची व्यवस्था वेगळी आहे, कारण त्या नाटकाच्या तिसऱ्या अंकाची साऱ्या जगात तेवढीच एक प्रत आहे. माऊलींची वाळवीने खाल्ली.

कलम ६. तिसरा अंक. आता मुख्य गोष्ट.

‘सौभाग्याची जप्ती’ हे माऊलींनी लिहिलेले एकुलते एक नाटक. पहिल्या अंकात नवरा पंचायतीच्या निवडणुकीसाठी बायकोचे मंगळसूत्र गहाण टाकतो. दुसऱ्यात निवडणूक हरतो आणि चार महिने तोंड काळे करतो. तिसऱ्यात घरी येतो, पाट ओढून बसतो आणि म्हणतो, “जेवायला वाढ.” त्यावर बायको त्याला एक चपराक देते, आणि तो तिच्या पाया पडतो. हे माऊलींनी एकोणीसशे चौऱ्याहत्तर साली लिहिले. त्या काळी नाटकात बायका फक्त खायच्या.

हे नाटक त्यांनी एकाच गावाला दिले, वडगाव रासाईला, कारण तिथला हिरो त्यांचा मित्र. मच्छिंद्र कोंडीबा शेलार. बागायतदार, आवाज भीमेच्या पलीकडे पोचेल असा, आणि दिसायला हिरोच. पंच्याहत्तर ते त्र्याण्णव, एकोणीस यात्रा, दर चैत्रात मी त्यांची बायको झाले. आणि एकोणीस वर्षांत तिसरा अंक एकदाही झाला नाही.

एका वर्षी लाइट गेली. पुढच्या वर्षीही गेली. एका वर्षी पुढारी आले आणि त्यांचा सत्कार पहाटेपर्यंत चालला. एका वर्षी कुस्तीचा फड तिसऱ्या अंकाच्या वेळीच लागला. एका वर्षी जनरेटरचे डिझेल संपले. आणि एका वर्षी तर भीमेला पूर आल्याची हाळी उठली. चैत्रात. घोटा भिजेल एवढे पाणी नदीत नाही, आणि मी, डोक्यावर पुस्तक ठेवून चाललेली मुलगी, गाठोडे उचलून टेम्पोत जाऊन बसले. माऊली दर वर्षी विंगेत उभे राहून आपल्या नाटकाचा शेवट बघायची वाट पाहत. “फुडच्या साली, अनुपमाबाई,” म्हणत. चौऱ्याण्णव साली ते गेले, शेवट न बघता.

मी याला नशीब म्हणत होते. मागच्या वर्षी दौंडला मोतीबिंदूचे शिबिर होते. माझ्या शेजारच्या खाटेवर डोळ्याला हिरवी पट्टी बांधून एक बाई पडल्या होत्या. आवाजावरून मला ओळखले. त्या साखरबाई, मच्छिंद्ररावांच्या पत्नी. खऱ्या. एका डोळ्याने माझ्याकडे बघून म्हणाल्या, “बाई, तुमच्या तिसऱ्या अंकाला लाइट जात न्हवती. आमचं मालक घालवत व्हते. लाइटीच्या डीपीपाशी मानूसच बसवलेला.”

मी विचारले, का. त्या म्हणाल्या, “गावाम्होरं बाईच्या हातची मुस्काटात खायाची, आन् सकाळी सोसायटीला उभं ऱ्हायाचं. मतं कोन देनार?” मग म्हणाल्या, “मी म्होरल्या वळीत जागा धरून बसायची. एकोनीस सालं. तेवढं बघायला मिळंल म्हून.” का बघायचे होते ते मी विचारले नाही. एवढी वर्षे संसार केलेल्या बाईला कारणे विचारत नाहीत.

त्याच दिवशी मी मच्छिंद्ररावांना फोन लावला. नाकारले नाही, एवढे त्यांच्या बाजूने लिहिते. हसून म्हणाले, “झालं गेलं भीमेला मिळालं, बाई.” मी म्हटले, मग उजनी धरणात अडकले असेल, मी काढून आणते. तेव्हापासून मी त्यांच्याकडे तिसरा अंक मागते आहे आणि ते गुडघ्याचे ऑपरेशन, उसाची तोड आणि नातीचे लग्न पुढे करत आहेत. ते अठ्ठ्याहत्तर, मी पंचाहत्तर. दोघांपैकी कोणीही एक गेला तर माऊलींच्या नाटकाला शेवट नाही. मुजीब म्हणतो, “फुफी, लोगां क्या बोलेंगे?” लोक काय बोलतील हे ऐकण्यासाठीच मी पन्नास वर्षे तोंडाला रंग लावला, हे याला कोण सांगणार.

कलम ७. चपराक. वरील नाटकाच्या तिसऱ्या अंकातील चपराक ही भूमिकेप्रमाणे माझ्या हक्काची, न वापरलेली आणि आजही शाबूत असलेली मालमत्ता आहे. तिची व्यवस्था अशी:

येत्या चैत्रातल्या यात्रेत वडगाव रासाई येथे तिसरा अंक व्हावा. प्रयोग दुपारी चार वाजता ठेवावा. सूर्याची डीपी अजून कोणाच्या ताब्यात गेलेली नाही. नाटकातल्या चपराकीसाठी विंगेत टाळी वाजवायला एक माणूस उभा करतात, म्हणजे आवाज होतो आणि गाल वाचतो. या प्रयोगाला तसा माणूस नेमू नये.

यात्रेपूर्वी मी मरण पावले, किंवा मच्छिंद्ररावांनी अंक टाळला, तर सदर चपराक, तिच्यावरील सर्व हक्कांसह, मी साखरबाई मच्छिंद्र शेलार यांना देते. त्यांनी ती त्यांना वाटेल त्या दिवशी, वाटेल त्या ठिकाणी, प्रेक्षकांसह किंवा प्रेक्षकांशिवाय वापरावी. तारखेचे बंधन नाही. बाविसावी वहीही त्यांनाच. जास्मिन वाचून दाखवेल.

कलम ८. दफन. आमच्या रिवाजाप्रमाणे, आणि वेळेवर. मी गार्डाची मुलगी आहे, माझी गाडी लेट सुटलेली मला चालणार नाही. भाषणे नकोत. मालिकेतला कोणी आलाच तर त्याला माझ्या चेहऱ्याकडे बघून ‘अगदी जिवंत वाटतात’ असे म्हणू देऊ नये. सात वेळा ऐकले आहे.

साक्षीदारांबाबत. पहिले साक्षीदार म्हणून मी मच्छिंद्ररावांनाच बोलावले. ज्या माणसामुळे हे मृत्युपत्र लिहावे लागले, त्याची सही त्यावर असलीच पाहिजे. ते साखरबाईंना घेऊन गाडीने आले, चष्मा लावून सगळे वाचले आणि कलम ७ पाशी थांबले. ॲड. समृद्धी म्हणाल्या, साक्षीदाराला मृत्युपत्रातून काही मिळता कामा नये, असा नियम आहे. मग त्यांनी कलम ७ पुन्हा वाचले आणि बराच विचार करून मत दिले की, चपराक मिळणे हा कायद्याच्या अर्थाने लाभ नव्हे. “लाभच हाय,” साखरबाई म्हणाल्या, पण ते नोंदीवर घेतलेले नाही.

मच्छिंद्ररावांनी बायकोकडे पाहिले. मग माझ्याकडे. मी त्यांना एवढेच म्हटले की, मच्छिंद्रराव, माझ्या हातची खाल्लीत तर ती कला, घरी खाल्लीत तर ती भानगड; निवड तुमची. ते पुष्कळ वेळ पेनाचे टोपण उघडझाप करत राहिले. शेवटी सही केली आणि विचारले, “तालमीला कवा यायचं?”

हे मृत्युपत्र मी आज वाचून, समजून, दोनदा मोठ्याने म्हणून दाखवून त्यावर सही केली आहे.

दौंड, दिनांक १७ फेब्रुवारी २०२५
शहजादी इनुस तांबोळी

साक्षीदार:
१) मच्छिंद्र कोंडीबा शेलार, रा. वडगाव रासाई, ता. शिरूर
२) ॲड. समृद्धी ढमढेरे, दौंड

पुरवणी

मी, वरीलच शहजादी, अजून जिवंत आणि अजून शुद्धीवर, माझ्या मृत्युपत्रास ही पुरवणी जोडत आहे.

तालमी झाल्या. मध्ये रमजान आला. रोज्यात राग धरू नये म्हणतात, म्हणून महिनाभर चपराकीच्या जागी मी फक्त बोट दाखवत असे. मच्छिंद्ररावांना अंक चोख पाठ होता. एकोणीस वर्षे जो अंक होऊ दिला नाही, तो त्यांनी कोणाच्याही नकळत पाठ करून ठेवला होता, हे मी इथे मुद्दाम नोंदवते.

यात्रेत दुपारी चार वाजता पडदा उघडला. ऊन लखलखीत, सगळे गाव मंडपात. विंगेत जास्मिन बाविसावी वही घेऊन उभी. मुजीब येणार नाही म्हणाला होता. तो स्टँडवर मोबाइल लावून शूटिंग करत होता. पहिल्या ओळीत साखरबाई, दोन्ही डोळे आता स्वच्छ.

मच्छिंद्रराव आले आणि पाटाऐवजी खुर्चीवर बसले (नवे गुडघे). “जेवायला वाढ” हे वाक्य काही येईना. ते म्हणाले, यंदा ऊन फार आहे. मी म्हटले, आहे. ते म्हणाले, यात्रेला वर्गणी देणाऱ्या सर्व ग्रामस्थांचे आभार. मी म्हटले, झाले आभार. जास्मिनने विंगेतून वाक्य सांगितले. त्यांना ऐकू गेले, मंडपालाही ऐकू गेले, पण ते भीमेकडे बघत बसले. मी विचार केला, झाले, पूर आला.

तेव्हा पहिल्या ओळीतून साखरबाई शांतपणे म्हणाल्या, “म्हना की वो. जेवायला वाढ.”

ते म्हणाले. चेहरा उचलून, चष्मा काढून खिशात ठेवून, पंचवीस वर्षांच्या आवाजात म्हणाले. आणि मी सदर चपराक दिली. आवाजाला माणूस लागला नाही.

मग गाण्याला देतात तसा, पहिल्या ओळीतून वन्स मोर आला. आवाज साखरबाईंचा होता. त्यांच्यामागून बायकांच्या सगळ्या ओळींचा आला. रंगभूमीचा रिवाज असा की, वन्स मोर नाकारायचा नसतो. मी मच्छिंद्ररावांकडे पाहिले. ते हसत होते. त्यांनी दुसरा गाल पुढे केला, आणि बायबलातले हे वाक्य सिस्टरांनी शिकवलेले असूनही मला तोपर्यंत कधी खरे वाटले नव्हते. पाया पडणे डॉक्टरांच्या सल्ल्याने माफ केले. त्यांनी बसल्या जागी हात जोडले, आणि मी नंतर मंडपाकडे वळून नाटककाराचे नाव सांगितले. माऊलींसाठी लोक उभे राहिले.

सबब, कलम ७ रद्द करण्यात येत आहे. त्यातील मालमत्ता मूळ हक्कदाराने वसूल केली असून, एक जादा मिळालेली आहे. ती साखरबाईंच्या नावे जमा समजावी. बाविसावी वही त्यांच्याकडे आजच सुपूर्द केली.

प्रयोगानंतर शेलारांच्या घरी आम्हा सर्वांना जेवण होते. पाने मांडताना साखरबाईंनी नवऱ्याला विचारले, वाढू का. मच्छिंद्ररावांनी गालाला हात लावला.

“ऱ्हाऊ दे,” ते म्हणाले, “माझं मी घेतो.”

वडगाव रासाई, दिनांक २१ एप्रिल २०२५
शहजादी इनुस तांबोळी, ऊर्फ अनुपमा (दौंड)

साक्षीदार:
१) मच्छिंद्र कोंडीबा शेलार
२) साखरबाई मच्छिंद्र शेलार, डाव्या अंगठ्याचा ठसा (उजव्या हातात परात होती)